ग्रामसभेला पहिल्यांदा जाताय? आधी कोणाकडे काय असतं ते पाहा

ग्रामसभेत नवीन माणसाने प्रश्न विचारला की साधारण तीन उत्तरं ठरलेली असतात. "निधी आला नाही." "वरून मंजुरी नाही." "तो विषय आपल्याकडे येत नाही." तिन्ही उत्तरं खरी असू शकतात आणि तिन्ही टोलवाटोलवीची असू शकतात. खरं काय ते ओळखायचं, तर दिल्ली, मुंबई, जिल्हा परिषद आणि ग्रामपंचायत यांच्यात कामं आणि पैसा कसा वाटला गेलाय हे ठाऊक हवं. नागरिकशास्त्राच्या पुस्तकात हे सगळं असतं, पण सभेत उभं राहिल्यावर उपयोगी पडेल अशा रीतीने कुणी सांगत नाही. नुकतंच मतदार यादीत नाव आलेली पोरं, लग्न होऊन गावात आलेल्या मुली, पहिल्यांदाच निवडून आलेले सदस्य आणि शहरातून परत गावी आलेली माणसं यांच्यासाठी हे लिहितोय.

एक गोष्ट सुरुवातीलाच. ग्रामसभेचे सदस्य म्हणजे त्या गावाच्या मतदार यादीतली माणसं. नाव पुण्यात किंवा ठाण्यात लावलं असेल, तर गावात घर, शेत, भाऊबंद सगळं असूनही तुम्ही तिथे सदस्य नाही. आधी यादी तपासा.

पहिलं काम: हे कोणाचं काम, ते ठरवा

सगळ्यात जास्त वेळ इथेच वाया जातो. रस्त्याचंच घ्या. गावातला कुठलाही रस्ता खराब झाला की लोक सरपंचाच्या दारात जातात. पण राष्ट्रीय महामार्ग केंद्राचा. राज्य महामार्ग आणि प्रमुख जिल्हा मार्ग राज्याच्या सार्वजनिक बांधकाम विभागाकडे. इतर जिल्हा मार्ग आणि ग्रामीण मार्ग जिल्हा परिषदेकडे. गावठाणातल्या गल्ल्या आणि गटारं ग्रामपंचायतीकडे. शेतात जाणारी पाणंद कुणी अडवली असेल, तर ते प्रकरण तहसीलदाराकडे जातं, कारण तो महसूल खात्याचा विषय आहे. एकाच गावाच्या शिवारात रस्त्यांचे पाच मालक! त्यामुळे "रस्ता कधी होणार" असं विचारण्याआधी त्या रस्त्याचा दर्जा आणि क्रमांक काढा. पंचायत समितीतल्या बांधकाम उपविभागात तो मिळतो.

बाकीच्या गोष्टींचं थोडक्यात असं. प्राथमिक शाळा आणि प्राथमिक आरोग्य केंद्र जिल्हा परिषदेचं, मात्र शिक्षकांचा पगार राज्याच्या तिजोरीतून येतो. अंगणवाडी चालवते जिल्हा परिषद, पण योजना मुळात केंद्राची. सातबारा तलाठ्याकडे म्हणजे महसूल खात्याकडे, रेशन दुकान पुरवठा विभागाकडे, वीज महावितरणकडे आणि पोलीस राज्याच्या गृह खात्याकडे. ग्रामपंचायतीच्या थेट हातात राहतात त्या गोष्टी म्हणजे पाणी, दिवाबत्ती, गटारं, कचरा, स्मशानभूमी, गावातले रस्ते, घरपट्टी आणि दाखले.

अशी वाटणी का झाली, तेही समजून घ्या, कारण पुढचं सगळं त्यावर उभं आहे. राज्यघटनेच्या सातव्या अनुसूचीत तीन याद्या आहेत: केंद्रसूची, राज्यसूची आणि समवर्ती सूची. ग्रामपंचायतीला यात स्वतःची यादी नव्हती. स्थानिक शासन हा राज्यसूचीतला पाचवा विषय आहे. म्हणजे पंचायती ठेवायच्या कशा, त्यांना द्यायचं काय, हे राज्याने ठरवायचं. कित्येक राज्यांनी वर्षानुवर्षं निवडणुकाच घेतल्या नाहीत. १९८९ साली राजीव गांधी सरकारने घटनादुरुस्तीचा प्रयत्न केला, तो राज्यसभेत अडकला. पुढे नरसिंह राव यांच्या काळात ७३ वी घटनादुरुस्ती झाली आणि २४ एप्रिल १९९३ पासून लागू झाली. दर पाच वर्षांनी निवडणूक, राज्य निवडणूक आयोग, राज्य वित्त आयोग, महिलांना किमान एक तृतीयांश जागा (महाराष्ट्रात आता निम्म्या) हे सगळं त्यातून सक्तीचं झालं. अकरावी अनुसूची जोडली गेली आणि पंचायतींकडे देता येतील असे २९ विषय तिच्यात आले.

'देता येतील' हे लक्षात ठेवा. अनुच्छेद २४३-छ प्रमाणे ते विषय, त्यांची माणसं आणि त्यांचा पैसा खाली द्यायचा की नाही, हा निर्णय राज्याच्या विधिमंडळाकडेच राहिला. निवडणूक सक्तीची झाली, अधिकार मात्र राज्याच्या मर्जीवर. माझ्या मते आजच्या निम्म्या अडचणी इथून निघतात. महाराष्ट्राने तर त्याआधीच, वसंतराव नाईक समितीच्या अहवालानंतर, १ मे १९६२ पासून जिल्हा परिषदा सुरू केल्या होत्या आणि बळ दिलं ते जिल्ह्याच्या पातळीला. त्यामुळे आपल्याकडे शाळा, दवाखाना, ग्रामीण रस्ते जिल्हा परिषदेत आहेत आणि गावाच्या हाती कमी आहे. सरपंच "आपल्याकडे येत नाही" म्हणतो तेव्हा तो पुष्कळदा खरं बोलत असतो. अशा वेळी त्याच्याशी भांडत बसू नका, जिल्हा परिषदेच्या नावाने ग्रामसभेचा ठराव मागा.

दुसरं काम: पैशाचे खिसे ओळखा

"निधी आला नाही" हे उत्तर तपासायचं, तर कुठला निधी ते आधी विचारा. ग्रामपंचायतीत पैसा वेगवेगळ्या वाटांनी येतो आणि प्रत्येक वाटेचा नियम वेगळा.

पहिला खिसा स्वतःचा: घरपट्टी, पाणीपट्टी, बाजार कर, गाळ्यांचं भाडं. याच्या खर्चावर गावाची सत्ता सगळ्यात जास्त चालते. तरी त्यातले १५ टक्के मागासवर्गीयांसाठी, १० टक्के महिला व बालकल्याणासाठी आणि ५ टक्के दिव्यांगांसाठी खर्च करावे लागतात. दिव्यांगांचे ५ टक्के खरोखर वाटले का, कोणाला, हा प्रश्न प्रत्येक गावात विचारण्यासारखा आहे. तो फार कमी ठिकाणी विचारला जातो.

घरपट्टी थकवणाऱ्यांनाही दोन शब्द. गावाच्या स्वतःच्या पैशात आपली वसुली कमी पडली की गाव वरच्या अनुदानावर टेकतं आणि अनुदानासोबत अटी येतात. स्वतःची पावती फाडलेली असली की सभेत आवाजही मोकळा निघतो.

दुसरा खिसा केंद्रीय वित्त आयोगाचा, आणि बहुतेक गावांत विकासकामांचा मोठा पैसा इथूनच येतो. केंद्राच्या करांतला किती वाटा राज्यांना द्यायचा आणि स्थानिक संस्थांना किती अनुदान द्यायचं, याची शिफारस हा आयोग करतो. पंधराव्या आयोगाने २०२१ ते २०२६ या काळासाठी वाटपयोग्य करांतले ४१ टक्के राज्यांना दिले. त्यात महाराष्ट्राचा हिस्सा ६.३१७ टक्के होता. उपकर आणि अधिभार या वाटपात धरले जात नाहीत, त्यांवरून राज्यं आणि केंद्र यांच्यात कायम कुरबुर असते. गावाच्या दृष्टीने महत्त्वाचं ते पुढचं. महाराष्ट्रात ग्रामीण अनुदानाचे ८० टक्के ग्रामपंचायतीला, १० टक्के पंचायत समितीला आणि १० टक्के जिल्हा परिषदेला गेले. आधीच्या, चौदाव्या आयोगात सगळा पैसा थेट ग्रामपंचायतीला होता.

पंधराव्या आयोगात यातला ६० टक्के पैसा बंधित होता: निम्मा स्वच्छतेवर, निम्मा पाण्यावर. उरलेला ४० टक्के अबंधित, गावाने गरजेप्रमाणे वापरायचा, पण पगार आणि आस्थापनेवर नाही. त्या हिशेबाने, समजा वर्षाला दहा लाख आले. तीन लाख शौचालयं, सांडपाणी, घनकचरा यांच्यासाठी. तीन लाख पिण्याचं पाणी, पावसाचं पाणी साठवणं, पाण्याचा पुनर्वापर यांच्यासाठी. चार लाख खुले. सभेत कुणी समाजमंदिराला सहा लाख मागितले आणि ग्रामसेवक नाही म्हणाला, तर तो अडवणूक करत नाही, त्याचे हात खरंच बांधलेले आहेत. हे बंधन दिल्लीत ठरलं. आमच्या गावाला पाण्याची अडचण नाही, दवाखान्याच्या रस्त्याची आहे, असं म्हणणाऱ्या गावाला त्यातून वाट नाही. मला हे खटकतं. पण नियम माहीत असला की निदान चुकीच्या माणसाशी भांडण होत नाही.

१ एप्रिल २०२६ पासून सोळाव्या आयोगाचा काळ आहे. दर आयोगागणिक वाटपाचं प्रमाण आणि अटी बदलतात, म्हणून चालू वर्षाचा शासन निर्णय ग्रामसेवकाकडे मागून वाचा. (या पदाला आता 'ग्रामपंचायत अधिकारी' म्हणतात, पण तुम्ही ग्रामसेवक म्हणालात तरी कुणाला कळायचं राहत नाही.)

"आला नाही" याचं कारणही विचारा. पंधराव्या आयोगाच्या नियमाप्रमाणे केंद्राकडून आलेला पैसा राज्याने कामकाजाच्या दहा दिवसांत खाली सोडायचा, उशीर झाला तर व्याजासकट. हिशेब ऑनलाइन चढवलेले नसतील, तर पैसा अडतो. लोकनियुक्त मंडळ नसेल, तरीही अडतो. २०२२ नंतर राज्यातल्या अनेक जिल्हा परिषदा वर्षानुवर्षं प्रशासकाच्या हाती राहिल्या आणि त्यांच्या वाट्याच्या १० टक्क्यांवर त्याचा थेट परिणाम झाला. म्हणजे चूक कधी दिल्लीची, कधी मुंबईची, कधी आपल्याच कार्यालयातल्या अपुऱ्या नोंदींची.

तिसऱ्या खिशात राज्याची अनुदानं येतात, जसा मुद्रांक शुल्कातला वाटा. चौथ्या खिशातल्या योजना गावात होतात, पण पैशाची दोरी गावाकडे नसते. खासदार निधी, आमदार निधी, जिल्हा नियोजन समितीचा निधी, ग्रामविकास खात्याचा '२५१५' या लेखाशीर्षाचा निधी, हे सगळे त्यात. जलजीवन मिशनमध्ये केंद्र आणि राज्य निम्मा-निम्मा खर्च करतात, काम जिल्हा परिषद किंवा जीवन प्राधिकरण करतं आणि नळ सुरू झाल्यावर योजना चालवायची ग्रामपंचायतीने. वीजबिल, मोटार जळणं, पाणीपट्टीची वसुली सगळं तिच्या गळ्यात. अर्धवट योजना ताब्यात घेण्याच्या कागदावर सही करण्याआधी तो विषय ग्रामसभेपुढे आणायला लावा. शेवटच्या घराच्या नळाला पाणी आलेलं लोकांनी पाहिल्याशिवाय ती सही होऊ देऊ नका.

खुला पैसाही किती खुला असतो, याचं उदाहरण २०२१ मधलं आहे. पथदिव्यांची आणि पाणीपुरवठ्याची थकलेली वीजबिलं वित्त आयोगाच्या पैशातून भरण्याची वाट राज्याने काढली. महावितरणने गावोगावचे दिवे तोडले होते, सरपंच संतापले होते. गावाने वर्षाच्या विकास आराखड्यात धरलेली कामं बाजूला पडली आणि बिलं भरली गेली. केंद्राने गावासाठी दिलेला पैसा, निर्णय राज्याचा आणि गेला राज्याच्याच कंपनीकडे.

तिसरं काम: घरी बसून अर्धी तयारी

ई-ग्रामस्वराज हे केंद्राचं पोर्टल २०२० पासून सुरू आहे आणि पाहायला लॉगिन लागत नाही. राज्य, जिल्हा, तालुका, ग्रामपंचायत आणि वर्ष निवडलं की मंजूर आराखडा आणि झालेला खर्च पाहता येतो. मोबाइलवर दिसतं, पण छापून नेलेलं बरं. सभेत कागद हातात असला की बोलण्याला वजन येतं.

त्यातली एकच ओळ उचला. सगळा आराखडा वाचत बसू नका, दमाल. समजा ओळ आहे: अंगणवाडी दुरुस्ती, दीड लाख. आता तिच्या मागे लागा. हे काम ग्रामसभेच्या कुठल्या ठरावात आलं? अंदाजपत्रक कोणी केलं आणि तांत्रिक मंजुरी कोणी दिली? कार्यारंभ आदेशाची तारीख काय? मोजमाप पुस्तिकेत, म्हणजे एमबीत, किती काम नोंदलंय? मग अंगणवाडीत जा. एमबीत पत्रे बदलल्याची नोंद असेल, तर वर पाहा, पत्रे नवे आहेत का? फरशी किती चौरस मीटर लिहिली आहे आणि खोली किती बाय किती आहे? टेप घेऊन मोजायला पाच मिनिटंही लागत नाहीत. अंगणवाडी ताईंना विचारा, काम कधी झालं, पावसात गळतं का. बिलावर सरपंच आणि ग्रामसेवक दोघांची डिजिटल सही असते, त्यामुळे "मला माहीत नाही" असं दोघांपैकी कुणालाच म्हणता येत नाही.

फरक सापडला तर लगेच भ्रष्टाचाराचा आरोप करू नका. कधी ओळ चुकीच्या कामाखाली चढलेली असते, कधी काम दुसऱ्या वाडीच्या अंगणवाडीत झालेलं असतं. आधी विचारा, मग ठरवा.

ग्रामपंचायतीच्या दप्तरात 'नमुने' म्हणजे ठरलेल्या क्रमांकाच्या नोंदी असतात. नमुना १ म्हणजे अर्थसंकल्प, नमुना ५ रोकडवही, नमुना ८ घरांची कर आकारणी. एवढे तीन नंबर लक्षात ठेवले तरी कार्यालयात तुमच्याशी बोलण्याची रीत बदलते.

चौथं काम: सभेत बसणं आणि बोलणं

वर्षात किमान चार ग्रामसभा व्हायलाच हव्यात. सरपंचाने त्या पुरेशा कारणाशिवाय घेतल्या नाहीत, तर त्याचं पद जाऊ शकतं, अशी तरतूद ग्रामपंचायत अधिनियमाच्या कलम ७ मध्ये आहे. बहुतेक गावांत २६ जानेवारी, १ मे, १५ ऑगस्ट आणि २ ऑक्टोबर किंवा त्यांच्या आसपासच्या तारखा ठरलेल्या असतात. नोटीस सात दिवस आधी निघते आणि तिच्यावर विषय लिहिलेले असतात. तुमचा विषय त्यात हवा असेल, तर नोटीस निघण्याआधी लेखी अर्ज द्या आणि पोच घ्या. ऐनवेळचा विषय म्हणून मांडलात, तर सभा उठता उठता तो येतो आणि निम्मे लोक तोवर घरी गेलेले असतात.

गणपूर्ती लागते ती एकूण मतदारांच्या १५ टक्के किंवा १०० मतदार, यांत जी संख्या कमी असेल ती. तेवढे जमले नाहीत की सभा तहकूब होते आणि तहकूब सभेला गणपूर्तीची अट नसते. मग दहा माणसं बसून पूर्ण गावाचा आराखडा मंजूर करू शकतात. पहिल्या सभेला लोक जमवणं हे म्हणूनच मोठं काम आहे. आणि सह्यांचं रजिस्टर सभेनंतर कुणी घरी घेऊन आलं, तर सही करू नका. शेजाऱ्यांनाही सांगा. कोऱ्या पानावरच्या सह्यांवर पुढे कुठलाही ठराव लिहिता येतो.

नियमित ग्रामसभेच्या आधी महिलांची वेगळी सभा घ्यायची असते. अनेक गावांत ती कागदावरच होते. बचत गटातल्या बायकांनी एकत्र जाऊन ती खरोखर भरवायला लावली, तर पाणी, शौचालय, रेशन, दारू हे विषय ठरावाच्या रूपाने मुख्य सभेत येतात. मग ते गाळणं अवघड जातं.

बोलताना प्रश्न छोटा ठेवा, उत्तर तारखेत किंवा रकमेत यावं असा. "पैसे कुठे गेले?" म्हटलं की गोंधळ सुरू होतो आणि गोंधळात सभा गुंडाळणं सोपं असतं. "वॉर्ड दोनच्या गटाराचा कार्यारंभ आदेश कधीचा आहे?" याला एकच उत्तर असतं, आणि ते नसेल तर सगळ्यांना दिसतं. ठराव झाला की सूचक, अनुमोदक आणि ठराव क्रमांक तिथेच मोठ्याने वाचून घ्या. मागच्या सभेचं इतिवृत्त वाचून कायम करणं हा पहिला विषय असतो. तो "वाचलं असं समजूया" म्हणून सोडू देऊ नका, कारण न झालेले ठराव तिथेच सापडतात.

आदिवासी भागात राहत असाल, तर तुमच्या ग्रामसभेची ताकद वेगळी आहे. १९९६ च्या पेसा कायद्याने अनुसूचित क्षेत्रातल्या पाड्यालाही स्वतःची ग्रामसभा करता येते. राज्याच्या आदिवासी उपयोजनेतले ५ टक्के अबंध निधी म्हणून या गावांकडे येतात. गडचिरोलीतल्या धानोरा तालुक्यातलं मेंढा (लेखा) हे गाव 'दिल्ली-मुंबईत आमचं सरकार, आमच्या गावात आम्हीच सरकार' म्हणत आलं. २००६ च्या वनहक्क कायद्याखाली २००९ मध्ये सुमारे १८०० हेक्टर जंगलावर त्या गावाचा सामूहिक हक्क मान्य झाला. तरी बांबू विकण्यासाठी वाहतूक परवाना कोणी द्यायचा, यावर वनखातं अडून राहिलं आणि २०११ मध्ये परवाना पुस्तक ग्रामसभेच्या हाती आलं. हक्क मिळाल्यावरही ते पुस्तक मिळेपर्यंत गावाला झगडावं लागलं. मेंढ्यात निर्णय बहुमताने नाही, सर्वसहमतीने होतात आणि अभ्यासगटात विषय आधी चर्चून मग सभेत येतो. ही अभ्यासगटाची पद्धत बिगर आदिवासी गावांनीही उचलण्यासारखी आहे, तिला कुठल्या कायद्याची परवानगी लागत नाही.

पाचवं काम: वर जायचं तर कुठल्या पायरीने

गावात उत्तर मिळालं नाही, तर पंचायत समितीचे गटविकास अधिकारी, आणि त्यांच्या वर जिल्हा परिषदेचे मुख्य कार्यकारी अधिकारी. लोक उठसूट जिल्हाधिकाऱ्यांकडे अर्ज देतात. तो अर्ज फिरून पुन्हा जिल्हा परिषदेतच येतो आणि दरम्यान महिना जातो. विषय महसुलाचा, रेशनचा किंवा पाणंदीचा असेल तरच तहसील आणि जिल्हाधिकारी कार्यालय गाठा.

कागद मिळत नसतील, तर माहितीचा अधिकार. ग्रामपंचायतीच्या जन माहिती अधिकाऱ्याच्या नावाने अर्ज, १० रुपये शुल्क, दारिद्र्यरेषेखालच्यांना माफ. ३० दिवसांत उत्तर नाही आलं, तर पंचायत समितीतल्या अपिलीय अधिकाऱ्याकडे पहिलं अपील. अर्जात "सर्व कामांची सर्व माहिती" मागू नका. एका कामाचं अंदाजपत्रक, एमबी आणि देयक, एवढंच मागा. नेमका अर्ज टाळणं कठीण जातं.

सुरुवात कुठल्या सभेपासून करायची, तर दोन सभा धरा. आर्थिक वर्षातल्या पहिल्या सभेपुढे मागच्या वर्षाचा जमाखर्च, प्रशासन अहवाल आणि लेखापरीक्षणाचे शेरे ठेवणं कलम ८ प्रमाणे ग्रामपंचायतीवर बंधनकारक आहे. बहुतेक गावांत ती एप्रिल-मेमध्ये होते. आणि २ ऑक्टोबरच्या सुमारास 'आमचा गाव, आमचा विकास'च्या पुढच्या वर्षाच्या आराखड्याचं काम निघतं. त्या सभेत जे काम यादीत आलं नाही, त्यावर पुढच्या वर्षी पैसा पडत नाही. म्हणून सप्टेंबरमध्ये वस्तीवर बसून मागण्या लिहून काढा आणि प्रत्येक मागणीपुढे ती बंधित निधीत बसते, अबंधितात बसते, की जिल्हा परिषदेकडे पाठवायची आहे, ते लिहा. अर्जाची पोच फाइलला लावून ठेवा.